सोलो रँक: नेम मोठा की साथ?

घाटवाट

चार वर्षं मुंबई सर्व्हरवर व्हॅलोरंट (पाच विरुद्ध पाच, बंदुकांचा ऑनलाइन खेळ) खेळतोय. त्यातले बहुतेक सामने एकट्याने, कारण मित्रांच्या शिफ्टच्या वेळा जुळत नाहीत. सुरुवातीपासून सगळ्यांनी एकच सल्ला दिला: सोलोमध्ये कुणावर विसंबू नकोस, नेम सुधार आणि सामना एकट्याच्या जोरावर ओढून ने. दीड वर्ष मी मनापासून तेच केलं. रोज डेथमॅच (सगळे विरुद्ध सगळे), रोज रेंजमध्ये सराव. नेम सुधारला, स्कोअरबोर्डवर वरच्या दोघांत नाव यायला लागलं, पण रँक गोल्डच्या पुढे सरकेना. मग खेळायची पद्धत बदलली आणि दोन अॅक्टमध्ये (रँकच्या दोन मोसमांत) वरच्या डायमंडला पोचलो. नेम तोच होता, हात तेच होते.

माझं मत असं बनलंय की पाच मित्रांच्या टीमपेक्षा एकट्या खेळाडूलाच साथीने खेळणं जास्त यायला हवं. मित्रांच्या टीममध्ये चुका सांभाळून घेणारं कुणीतरी असतं. सोलोमध्ये चार अनोळखी माणसांशी जुळवून घेण्याचं काम तुमचंच.

यातलं सगळ्यात मोठं काम म्हणजे ट्रेड: आपला माणूस पडला की त्याच्या मारेकऱ्याला लगेच पाडणं. समोर एक जण कोपरा धरून बसलाय आणि प्रत्येक झुंजीत त्याची-आपली संधी निम्मी-निम्मी आहे असं धरू. आपला एण्ट्रीवाला, म्हणजे सगळ्यांत आधी घुसणारा, आत गेला आणि पडला. मी दहा सेकंदांनी पोचलो तर तोवर त्याने मॅगझिन बदललेलं असतं, जागा सोडलेली असते, त्याचा जोडीदारही येऊन उभा असतो. मी एका सेकंदात पोचलो तर त्याचा क्रॉसहेअर (स्क्रीनवरची नेमाची खूण) अजून माझ्या पडलेल्या माणसावर असतो. पहिल्या वेळी आपण चार विरुद्ध पाच, दुसऱ्या वेळी चार विरुद्ध चार. नेम दोन्ही वेळा तोच.

म्हणून राउंड सुरू झाला की मी आधी एवढंच बघतो: आपल्यातला कोण पुढे धावणार आहे? जेट असो, रेझ असो (पुढे घुसणारी पात्रं), मी त्याच्या मागे. आणि मला मरायचंच असेल तर अशा ठिकाणी, जिथे माझा मारेकरी माझ्या माणसाला दिसेल.

लोटसवर हे फार स्पष्ट कळतं. हा नकाशा पश्चिम घाटात, म्हणजे आपल्याच डोंगरांत कल्पिलेला. तीन साइट (ए, बी, सी: आक्रमण करणाऱ्यांनी स्पाइक म्हणजे बॉम्ब लावायच्या जागा) आणि दोन फिरते दगडी दरवाजे. दरवाजा फिरला की आवाज लांबवर जातो. तीन साइटमुळे बचाव करणारे पाच जण विखुरतात, कुठेतरी एकटाच माणूस उभा असतो. तिथे दोघं मिळून गेले की साइट पडते. एकेक करून गेले तर तो एकटा दोघांनाही गारद करतो, आणि वर कुणीतरी चॅटमध्ये लिहितं, 'टीमला नेम नाही'.

तुमचा अनुभव काय?

नेमबाज_नाशिक

असहमत. आणि हा सल्ला नवीन पोरांना चुकीच्या वाटेला लावेल असं मला वाटतं, म्हणून सविस्तर लिहितो.

तुम्ही दीड वर्ष नेमावर घालवलं आणि मग साथीने खेळून वर गेलात. त्या दीड वर्षाचा पाया नसता तर? आयर्न, ब्राँझ, सिल्व्हर या खालच्या रँकमध्ये माणूस ट्रेडला वेळेवर पोचतो आणि पाच फुटांवरून गोळ्या हुकवतो. मी रोज बघतो. मागे उभं राहून उपयोग काय? व्हँडल रायफलची एक गोळी डोक्यात बसली की १६० डॅमेज होतो आणि पूर्ण शील्ड (चिलखत) घेतलेल्या माणसाकडे जीव आणि शील्ड मिळून एकूण १५० असतात. कितीही अंतरावरून, एका गोळीत विषय संपतो. ज्या खेळाची मुख्य बंदूक अशी आहे, तिथे ती एक गोळी लागणं ही पहिली गोष्ट. बाकी सगळं त्यानंतर.

नेम म्हणजे माउस झटकन फिरवणं असा लोकांचा समज आहे, तोही चुकीचा. नेम म्हणजे कोपऱ्यावरून वळण्याआधीच क्रॉसहेअर डोक्याच्या उंचीवर असणं. बहुतेक जण जमिनीकडे बघत धावतात. दुसरं, थांबून गोळी मारणं. पळताना व्हँडलच्या गोळ्या कुठेही जातात, हे रेंजमध्ये भिंतीवर मारून बघा. डावीकडे जात असाल तर उजवी की टिचकीसारखी दाबा, थांबा, मारा. रोज वीस मिनिटं फक्त हे. मी डेथमॅचमध्ये स्कोअर बघतच नाही, प्रत्येक वळणावर क्रॉसहेअर कुठे होता तेवढंच बघतो.

अनोळखी चौघांवर माझा ताबा नाही. माझ्या हातावर आहे. मेहनत तिथेच करावी.

जुना_कॅफेवाला

दोघांचंही वाचलं. मी वयाने तुमच्यापेक्षा मोठा असणार. २००४-०५ला पुण्यात कॅफेमध्ये काउंटर-स्ट्राइक १.६ खेळायचो. पाच जण एका रांगेत बसलेले, 'बी टनेल'चा कॉल म्हणजे शेजारच्याला कोपर मारून ओरडणं. डस्ट टू नकाशाच्या त्या बोगद्यात नेम असलेली पुष्कळ पोरं पाहिली. पण सामने जिंकायची ती टीम, जिला पैसे कळायचे.

तुम्ही दोघंही पैशाबद्दल एक अक्षर बोलला नाहीत, म्हणून लिहितोय. व्हॅलोरंटचाच हिशेब घेऊ. पहिल्या राउंडला ८०० क्रेडिट, ते खर्च झाले, राउंड हरलो. पुढे १९०० मिळाले. चौघं गप्प बसून वाचवतात. दुसरा राउंड हरला की २४०० येतात, म्हणजे ४३००. त्यात २९०० ची व्हँडल, १००० चं जड शील्ड आणि ४०० उरतात ते स्मोक-फ्लॅशला (आडोशाचा धूर, डोळे दिपवणारा प्रकाश). तिसऱ्या राउंडला चौघं पूर्ण तयार. आता पाचव्याने दुसऱ्याच राउंडला हौसेने १६०० ची स्पेक्टर घेतली होती. राउंड गेला, बंदूक गेली, हातात २७००. तिसऱ्या राउंडला चौघांकडे व्हँडल आणि हा पुन्हा स्पेक्टर घेऊन. एकाच्या हट्टाने दोन राउंड बिघडले.

खरेदीच्या स्क्रीनवर सगळ्यांचे पैसे दिसतात. तीस सेकंद असतात. त्यात नजर टाका, कमी असतील त्याला बंदूक घेऊन द्या. यासाठी नेम लागत नाही, माइकसुद्धा लागत नाही.

घाटवाट

@जुना_कॅफेवाला दादा, हे मूळ लेखातच यायला हवं होतं. पूर्ण सहमत.

@नेमबाज_नाशिक, क्रॉसहेअर आणि थांबून मारणं याबद्दल तुम्ही लिहिलंत ते लाखमोलाचं आहे, त्यावर वाद नाही. पण 'माझा ताबा माझ्या हातावर' यापाशी मी अडतो. तुम्ही कुठे उभे राहता, यावरही तुमचा ताबा आहे ना? नेम सुधारायला महिने लागतात. जोडीदारापासून तीस पावलांऐवजी पाच पावलांवर उभं राहणं आज रात्रीच्या सामन्यात जमतं. शिवाय जोडीदारावर गोळीबार चालू असताना तुम्ही बाजूने निघालात तर समोरच्याची नजर दुसरीकडे असते, म्हणजे अर्धवट नेमसुद्धा पुरतो. ब्राँझमधल्या माणसाला तर याची जास्त गरज आहे.

रानजाई

तुमच्या चर्चेत 'कॉल द्या, बोला' हे गृहीत धरलेलं दिसतं, म्हणून माझी बाजू मांडते.

मी मुलगी आहे. माइक सुरू करून 'ए मेन, दोन' (ए च्या मुख्य वाटेवर दोघं) एवढं म्हटलं की पुढची दहा मिनिटं काय ऐकावं लागतं ते इथे लिहिणार नाही. कधी घाण बोलणं, कधी उगाच गोड बोलणं, कधी मी पडले की हसणं. सामना हरलो तर खापर माझ्यावर. वर्षभरापूर्वी मी माइक कायमचा बंद केला. त्यानंतर लोक 'बोलत नाही, टीमप्लेअर नाही' म्हणतात.

तरीही मी साथीनेच खेळते आणि तेही सोलो. स्मोक टाकणारी म्हणून क्लोव्ह किंवा ओमेन हे पात्र घेते. मिनीमॅपवर (स्क्रीनवरचा छोटा नकाशा) स्मोक कुठे टाकणार ते आधी पिंग करते, म्हणजे खूण करून दाखवते. मेल्यावर मारेकऱ्याची जागा पिंग करते, आणि किती डॅमेज दिला ते मेल्यावर स्क्रीनवर दिसतं, ते टाइप करते: 'जेट ८४'. दोन शब्द. पुढच्या माणसाला कळतं की तिला आता एक-दोन गोळ्याच पुरेत. त्रास देणाऱ्याला पहिल्याच वाक्याला म्यूट आणि सामना संपल्यावर रिपोर्ट.

घाटवाट, तुमचा मुद्दा मला मान्य आहे. फक्त साथ म्हणजे आवाज असं समजू नका. आणि वाचणाऱ्या मुलांना एक विनंती: तुमच्या टीममध्ये कुणी कुणाला असं बोलत असेल तर त्याच वेळी 'बस कर' म्हणा. आतापर्यंत दोनदा असं कुणीतरी म्हटलंय. ते दोन्ही सामने मला आठवतात.

नेमबाज_नाशिक

@रानजाई, वाचून वाईट वाटलं. अशा वेळी मीही गप्प बसलोय, 'आपल्याला काय करायचंय' म्हणून. यापुढे बसणार नाही.

'जेट ८४' हा प्रकार मी कधी केलाच नव्हता. मरताना चिडून 'लो आहे, लो आहे' ओरडायचो. आकडा सांगितलेला कधीही चांगला.

चौथा_माळा

इथे सगळे घाटवाट यांच्या बाजूला झुकायला लागलेत, म्हणून विरुद्ध बाजू.

जवळ उभे राहा, जवळ उभे राहा, हे अती झालं की काय होतं ते मी प्लॅटिनममध्ये रोज बघतो. पाच जण एका दारात. रेझचा एक रॉकेट, नाहीतर ब्रिमस्टोनचा वरून येणारा किरण, आणि तिघं एकदम साफ. शिवाय पाचही जण एका साइटवर धावताना ऐकू आले की बचाव करणारे निवांत तिकडे वळतात.

मी लर्क करतो. टीम ए बाजूला असेल तर मी सी बाजूला, शिफ्ट दाबून, आवाज न करता. मी कुणाला मारलं नाही तरी त्यांचा एक माणूस सी सोडू शकत नाही. म्हणजे ए वर आपले चार विरुद्ध त्यांचे तीन-चार. स्कोअरबोर्डवर मी तळाला असतो आणि शिव्या खातो, पण माझं काम झालेलं असतं. घाटवाट यांच्या नियमाप्रमाणे माझं मरण 'ट्रेड न होणारं' आहे. मग मी साथीने खेळत नाही का?

बचावातही तेच. लोटसच्या बी वर कुणीतरी एकट्याने उभं राहावंच लागतं. त्याला कोण साथ देणार?

घाटवाट

@चौथा_माळा, हा मुद्दा मला खरोखर विचार करायला लावणारा वाटला. पाच पावलं हे अंतर मी ढोबळ लिहिलं. एकाच फैरीत दोघं पडतील इतकं जवळ उभं राहणं चूकच. दोघांना वेगवेगळ्या कोनांतून तोच कोपरा दिसला पाहिजे, हे जास्त बरोबर.

लर्कबद्दल: चौघं जेव्हा आत घुसतात त्याच क्षणी तुम्ही मागून निघालात तर ती साथच. पण मी पाहिलेले बहुतेक लर्कवाले चौघं मेल्यानंतर निघतात. स्पाइक त्यांच्या प्रेतांपाशी पडलेला आणि हा सी मध्ये एकटा, वीस सेकंद उरलेले. तुम्ही तसं करत नसाल, पण ज्यांना हा सल्ला मिळतो ते तसंच करतात.

बी वरच्या एकट्याबद्दल माझं म्हणणं असं: त्याने माणूस मारायचा हट्ट धरू नये. आवाज आला, 'बी, तीन' सांगितलं, एखादी क्षमता वापरून पाच सेकंद अडवलं आणि मागे हटला, तर तो जिंकला. नंतर परत साइट घ्यायला सगळे मिळून येतात. स्पाइक फुटायला ४५ सेकंद असतात, तो निकामी (डिफ्यूज) करायला ७ लागतात आणि निम्मं झालेलं डिफ्यूज वाया जात नाही. घाई वाटते तितकी नसते.

मोबाइलवर

मी बीजीएमआय (मोबाइलवरचा, शेवटी उरेल ती टीम जिंकते असा खेळ) खेळतो, तिथे ट्रेडचा हिशेब थोडा वेगळा आहे. चौघांच्या स्क्वाडमध्ये पडलेला माणूस लगेच मरत नाही, नॉक होतो, त्याला उठवता येतं. त्यामुळे 'लगेच बदला' घ्यायला जाणारा दुसराही नॉक होतो आणि मग उठवायला कुणी नाही. आम्ही आधी स्मोक टाकतो, मग उठवतो, मग भांडतो. समोरचा नॉक झाला असेल तर मात्र लगेच पुढे जायचं, तो उठायच्या आत. साथ हवीच, घाई नको.

नेमबाज_नाशिक

चार रात्री घाटवाट यांच्या पद्धतीने खेळून बघितलं. नऊ सामने, पाच जिंकले, चार हरलो. एवढ्यावरून काही सिद्ध होत नाही, त्यामुळे आकड्यावर मी काही म्हणत नाही. पण एक फरक जाणवला. पूर्वी मी पडलो की राउंड संपल्यासारखं वाटायचं. आता मी पडल्यावर मागचा माणूस लगेच माझ्या मारेकऱ्याला टिपतो, कारण मीच त्याच्या नजरेत राहून पडलेलो असतो.

मात्र एक अडचण. परवा आम्ही दोघं उरलो, समोर चार, माझ्या हातात व्हँडल. जोडीदार आत घुसला. तुमच्या नियमाने मी मागे जायला हवं होतं. गेलो, दोघंही मेलो, पुढच्या राउंडला टीमकडे एक बंदूक कमी. इथे ट्रेड करायचा की वाचवायचं?

जुना_कॅफेवाला

@नेमबाज_नाशिक, मागे फिरायचं, आणि 'सेव्ह' असं आधीच टाइप करायचं, म्हणजे तोही घुसत नाही. पण वाचवतानाही हिशेब आहे. आक्रमणात स्पाइक न लावता वेळ संपेपर्यंत जिवंत राहिलात तर हरल्याचे पूर्ण पैसे मिळत नाहीत, फक्त १००० मिळतात. बचावात स्पाइक फुटल्यावर जिवंत राहिलात तरी तसंच. सलग तिसरी हार असेल तर २९०० ऐवजी १०००, म्हणजे १९०० चं नुकसान. २९०० ची व्हँडल आणि अंगावर शाबूत जड शील्ड असेल तर वाचवणं परवडतं. ८०० चं शेरीफ पिस्तूल घेऊन कोपऱ्यात लपणारी पोरं मात्र टीमचं नुकसान करतात. त्यांनी जोडीदाराबरोबर आत जावं, तिथे घाटवाटचं बरोबर आहे.