वज्रेश्वरी–अकलोली–गणेशपुरी : ज्येष्ठांना घेऊन गरम पाण्याच्या कुंडांची एक दिवसाची सहल

डोंबिवलीकर (प्रश्न)

नमस्कार मंडळी. येत्या पौष महिन्यात आईला आणि मावशीला वज्रेश्वरी, अकलोली व गणेशपुरी येथील गरम पाण्याच्या कुंडांवर एक दिवस घेऊन जाण्याचा विचार आहे. आई ७१ वर्षांची असून तिला रक्तदाबाची गोळी रोज चालू आहे. मावशी ७५ वर्षांची आहे, तिला मधुमेह आहे आणि दोन्ही गुडघे दुखतात. त्या दोघी लहानपणी भिवंडीला राहत असत आणि वर्षातून एकदा आजी त्यांना अकलोलीला आंघोळीसाठी नेत असे. आजीने परत निघताना तांब्यात भरून घेतलेले ऊन पाणी घरी पोहोचेपर्यंत कोमट झालेले असायचे, ही आठवण मावशी आजही सांगते, आणि ‘एकदा पुन्हा ने’ असे तिने या दिवाळीत तोंडाने म्हटले, म्हणून हा खटाटोप.

आमच्या भागातील एक सहल आयोजक मार्गदर्शकासह एक दिवसाची सहल नेतात. त्यांचा कार्यक्रम असा आहे : सकाळी साडेसातला निघणे, वज्रेश्वरीचे दर्शन, तेथेच जेवण, दुपारी दीडच्या सुमारास अकलोलीच्या कुंडात स्नान, त्यानंतर गणेशपुरी आणि संध्याकाळी सातपर्यंत परत. स्वतःच्या गाडीने जाता येईल हे मला ठाऊक आहे. पण दोघींना सांभाळताना कोणी जाणकार बरोबर असावा असे वाटते. हा क्रम योग्य आहे का, या वयात कुंडात उतरावे का, आणि मार्गदर्शकाचा खरोखर उपयोग होतो का, हे अनुभवी मंडळींनी कृपया सांगावे.

तानसाकाठ

माझे बालपण गणेशपुरीच्या शेजारच्या गावात गेले आणि आजही महिन्या-दोन महिन्यांतून तिकडे जाणे होते, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

सर्वप्रथम, आयोजकांना हा क्रम बदलण्याची विनंती करा. स्नान सकाळी, रिकाम्या किंवा हलक्या पोटी व्हायला हवे. जेवणानंतर भर दुपारी कढत पाण्यात उतरणे तरुणांनाही सोसत नाही. साडेसातऐवजी सहाला निघालात, तर भिवंडी–अंबाडी मार्गे आठच्या आसपास अकलोलीला पोहोचाल. पौषात त्या वेळी तानसा नदीवर अजून गारवा असतो, कुंडांवर वाफ दिसते, आणि गर्दीही नसते. स्नान झाल्यावर अर्धा-पाऊण तास बसून गरम चहा व पोहे घ्यावेत आणि मग वज्रेश्वरीला जावे, जे तेथून जेमतेम दोन किलोमीटरवर आहे.

वज्रेश्वरीच्या मंदिराला ५२ पायऱ्या आहेत, आणि मावशींच्या गुडघ्यांच्या दृष्टीने सगळ्या दिवसातली हीच अवघड जागा आहे. ऊन पाण्याने सांधे मोकळे झाल्यावर त्या पायऱ्या चढणे सोपे जाते, हा माझ्या स्वतःच्या आजीचा अनुभव आहे. ती नेहमी कुंडावरून मगच देवीकडे जात असे. मध्ये दोन-तीनदा थांबावे आणि उतरताना एकाने पुढे व एकाने बाजूला राहावे. चिमाजीअप्पांनी वसईच्या मोहिमेच्या वेळी देवीला नवस केला आणि मे १७३९ मध्ये पोर्तुगीजांकडून वसईचा किल्ला घेतल्यावर हे मंदिर बांधवले. त्यामुळेच त्याची तटबंदी किल्ल्यासारखी आहे. पायऱ्या चढताना थांबण्याच्या जागी मार्गदर्शकाने हे सांगितले, तर थकवाही जातो आणि इतिहासही कळतो. चांगला मार्गदर्शक मी यावरूनच ओळखतो, कारण तो बोलण्यासाठी लोकांना उन्हात उभे करत नाही.

स्त्रियांसाठी आडोशाची सोय सर्व कुंडांवर सारखी नाही. आयोजकांना नेमके विचारा की ते कोणत्या कुंडावर नेणार, तेथे कपडे बदलायला बंद खोली आहे का, आणि कुंडात उतरायच्या पायऱ्यांना कठडा आहे का. पायऱ्यांवर शेवाळ असते. जुन्या बायका पाण्यात कशा उतरतात ते पाहण्यासारखे आहे : आधी काठावर बसून पाय घोट्यापर्यंत सोडतात, दोन मिनिटांनी गुडघ्यांवर तांब्याने पाणी ओततात, मग कमरेपर्यंत उतरतात, आणि शेवटपर्यंत छाती पाण्याबाहेर ठेवतात. तुमच्या आईंना व मावशींना ही रीत आठवत असेलच. मार्गदर्शकाने घाई केली तरी त्यांनी ती सोडू नये.

गणेशपुरी शेवटी ठेवा. भीमेश्वराचे मंदिर, त्याजवळची कुंडे आणि नित्यानंद स्वामींचे समाधिमंदिर हे सगळे जवळजवळ आहे, त्यामुळे चालणे फारसे पडत नाही. स्वामींनी १९६१ साली समाधी घेतली. माझ्या आजोबांनी त्यांना पाहिले होते, आणि गाव तेव्हा केवढे लहान होते हे ते सांगत असत. रविवार, नवरात्र, गुरुपौर्णिमा आणि चैत्र अमावास्येची यात्रा एवढे दिवस टाळा. पावसाळ्यात तर जाऊच नये, कारण तानसेला पाणी चढले की नदीकाठची कुंडे पाण्याखाली जातात.

सहवास_ठाणे

वरील प्रतिसादातील पहिला मुद्दा कृपया हलक्यात घेऊ नका. तीन वर्षांपूर्वी मी माझ्या सासूबाईंना अशाच एका सहलीने याच ठिकाणी नेले होते. आयोजकाचे नाव देत नाही. आमचा क्रम तुमच्यासारखाच होता : भरपेट जेवण आणि लगेच दोन वाजता कुंड. आम्ही ४० जण होतो आणि मार्गदर्शक एकच. स्त्रियांच्या बाजूला एका वेळी आठ-दहा जणीच मावत होत्या, त्यामुळे आपली पाळी जाईल या भीतीने सगळ्याच जणी थेट गळ्यापर्यंत उतरल्या. सासूबाई पंधरा-वीस मिनिटे पाण्यात बसल्या आणि नावे पुकारली जाताच झटकन उठल्या. दुसऱ्याच पायरीवर त्यांच्या डोळ्यांपुढे अंधारी आली. माझा हात त्यांच्या दंडाला होता म्हणून त्या पडल्या नाहीत. मार्गदर्शक त्या वेळी पुरुषांच्या बाजूला होता आणि प्रथमोपचाराची पेटी गाडीत, गाडी कुलूपबंद, चालक जेवायला गेलेला.

नंतर आमच्या डॉक्टरांनी समजावून सांगितले ते असे : ऊन पाण्यात त्वचेजवळच्या रक्तवाहिन्या रुंदावतात व रक्तदाब उतरतो, त्यातच रक्तदाबाची गोळी घेतलेली असेल आणि माणूस एकदम उभा राहिला, तर मेंदूकडे जाणारे रक्त क्षणभर कमी पडते. म्हणून आईंना दहा मिनिटांपेक्षा जास्त वेळ बसू देऊ नका. उठण्याआधी दोन मिनिटे काठावर पाय पाण्यात ठेवून बसवा आणि आधी व नंतर पिण्याचे पाणी द्या. निघण्याच्या आठ दिवस आधी डॉक्टरांना एकदा विचारून घ्या.

मावशींबद्दल एक वेगळी काळजी घ्यावी लागेल. दीर्घकाळ मधुमेह असलेल्यांच्या तळव्यांची संवेदना कमी झालेली असू शकते, आणि मग पाणी किती कढत आहे ते पायाला कळत नाही. त्यांनी पाय घालण्यापूर्वी तुम्ही स्वतः कोपर बुडवून पाहा, लहान बाळाच्या आंघोळीचे पाणी आपण पाहतो तसे. तळव्याला भेग किंवा जखम असेल तर त्या दिवशी कुंडात पाय घालूच नये.

भूगर्भ_अभ्यासक

मार्गदर्शकाच्या उपयोगाविषयी विचारले आहे, म्हणून माझ्या विषयापुरते लिहितो. येथील बहुतेक मार्गदर्शक दैत्यांच्या रक्ताने हे पाणी तापले ही कथा सांगतात, आणि देवीने इंद्राचे वज्र गिळले म्हणून ती वज्रेश्वरी, ही कथाही सांगतात. त्या कथा सांगायलाच हव्यात. त्या या भूमीच्या आहेत. परंतु त्यापुढे अनेकदा ‘खाली ज्वालामुखी धगधगतो आहे’ असे ठोकून दिले जाते, ते मात्र चूक आहे. सह्याद्रीचा काळा पाषाण ज्या लाव्ह्यापासून बनला, तो सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीचा असून केव्हाच थंड झालेला आहे.

हे मूळचे पावसाचेच पाणी आहे. ते खडकातील खोल भेगांमधून खाली उतरते. जमिनीत दर किलोमीटरला तापमान साधारणपणे २५ ते ३० अंश सेल्सिअसने वाढत जाते, त्यामुळे पुरेसे खोल गेलेले पाणी तापते आणि दुसऱ्या भेगेतून जोराने वर येते. वाटेत खडकांतील क्षार त्यात विरघळतात, म्हणून त्याची चव मचूळ लागते, आणि गंधकाच्या वायूमुळे कुजक्या अंड्यासारखा मंद वास येतो. मावशींच्या पायात चांदीची जोडवी असतील तर ती आधी काढून ठेवायला सांगा, नाहीतर काळी पडतील.

पालघरपासून राजापूरपर्यंत किनाऱ्याला समांतर अशी या झऱ्यांची एक ओळच आहे, आणि आपल्या पूर्वजांनी गावांच्या नावांतच तिची नोंद करून ठेवली आहे : पालीजवळचे उन्हेरे, दापोली तालुक्यातील उन्हवरे, राजापूरजवळचे उन्हाळे. सगळीकडे तो ‘ऊन’ शब्द आहे. उन्हवऱ्याचे पाणी सुमारे ७० अंश असते, त्यात थेट हात घालणे म्हणजे भाजून घेणे. अकलोली व गणेशपुरीची कुंडे ढोबळमानाने ४० ते ५० अंशांची असून एकाच आवारातील दोन कुंडांतही फरक असतो. अंगाला ४० अंश सुखाचे वाटतात आणि ४५ सोसत नाहीत, त्यामुळे आज कोणते कुंड सौम्य आहे हे रोज तेथे असणाऱ्या स्थानिक माणसालाच ठाऊक असते. मार्गदर्शक स्थानिक असावा असा आग्रह मी धरतो तो यासाठी.

आणखी एक गोष्ट सांगायलाच हवी. डोके पाण्याखाली नेऊ नये आणि नाकात पाणी जाऊ देऊ नये. ऊन गोड्या पाण्यात वाढणारा एक अमीबा नाकावाटे मेंदूपर्यंत जाऊ शकतो. असे क्वचितच घडते, पण घडले तर ते बहुधा प्राणघातक ठरते.

डोंबिवलीकर

आपणा तिघांचे मनापासून आभार. आयोजकांशी आजच बोललो. त्यांनी क्रम बदलायला स्पष्ट नकार दिला, कारण इतरांना सहाला निघणे नको आहे. त्यामुळे त्यांच्याबरोबर जाण्याचा बेत सोडला. आता मधल्या वारी, ओळखीच्या चालकाची गाडी घेऊन आम्ही चौघेच जाऊ आणि अकलोलीत दिवसभरासाठी एखादा स्थानिक माणूस बरोबर घेऊ. आईच्या डॉक्टरांची वेळ शुक्रवारची मिळाली आहे. मावशीच्या तळव्यांविषयीची सूचना वाचून मी तिला सहज विचारले, तेव्हा कळले की गेले वर्षभर तिला चप्पल पायातून निसटलेली कळत नाही. हे तिने घरात कोणालाच सांगितले नव्हते. तिचीही तपासणी आता त्याच दिवशी होईल. डॉक्टर नाही म्हणाले तर ती काठावर बसेल आणि मी तिच्या गुडघ्यांवर तांब्याने पाणी ओतीन.

एक शेवटची विचारणा. तिला आजीसारखेच थोडे पाणी घरी आणायचे आहे. ते चालेल का?

तानसाकाठ

अवश्य आणा. ज्या कुंडात लोक उतरतात तेथून न घेता, झऱ्याचे पाणी जिथून कुंडात पडते त्या तोंडाशी भांडे धरा. तुमच्याबरोबरचा स्थानिक माणूस ती जागा दाखवील. पिण्यासाठी मात्र वापरू नका. तांब्याऐवजी थर्मास न्या, म्हणजे डोंबिवलीत पोहोचेपर्यंत पाणी ऊनच राहील आणि रात्री फडके बुडवून त्यांचे गुडघे शेकता येतील. फडके लावण्याआधी तेवढे कोपराने पाहून घ्या.