नाल्यातली मुरी टाकीत तगत नाही, काय चुकतंय?

चुलबंदकाठ:
सडक अर्जुनीकडच्या आमच्या नाल्यात बोटाएवढी मासोळी आहे. अंगावर तपकिरी ठिपके, तोंडाशी मिशा, जवळ गेलं की रेतीत घुसते. सगळे मुरीच म्हणतात. शाळेतल्या पोरांना दाखवायला २ फुटी काचेच्या टाकीत सोडल्या, तर लगेच मरतात. तळाला क्रशरची चुरी आहे, पाणी ग्रामपंचायतीच्या नळाचं. मधूनमधून वर येऊन हवा गिळतात, म्हणजे प्राणवायू कमी पडतोय का? दुसरं, खोलीकरण झालेल्या तुकड्यात मुरी दिसतच नाही. पाणी तर वाढलं, मग मासा कुठं गेला?

रेतीतला_काटा:
आधी ओळख पक्की करा. मुरी म्हणून दोन वेगळ्या मासोळ्या खपतात. रेतीत घुसणारी बहुधा लेपिडोसेफॅलिक्थिस (हे तिचं शास्त्रीय नाव). तिच्या डोळ्याखाली दुटोकी काटा असतो, एरवी कातडीत दडलेला, धरली की बाहेर येतो. नराच्या छातीजवळच्या परांतल्या (पोहण्याच्या पंखांतल्या) आतल्या काड्या जुळून जाड झालेल्या असतात, भिंगातून सहज दिसतं. दुसरी दगडाखाली राहते. तिला हा काटा नाही, पोट चपटं, अंगावर आडवे पट्टे. तिला खळाळतं पाणी लागतं, तिला टाकीत आणूच नका.

हवा गिळणं हा आजार नाही. ही मासोळी कल्ल्यांनी श्वास घेतेच, शिवाय गिळलेल्या हवेतला प्राणवायू आतड्यातून घेते आणि उरलेली हवा मागून बुडबुड्यांनी सोडते. अधूनमधून वर आली तर चालेल. सगळ्याच मिनिटामिनिटाला वर येत असतील तर मात्र पाणी बिघडलंय. नाल्यातून आणतानाही बाटली काठोकाठ भरू नका, हवा गिळायला अर्धी रिकामी ठेवा.

धानबांधी:
भाऊ, चुरी आधी काढा. तिच्या धारेनं मिशा झिजतात, मग मुरीला तळाचं खाणं सापडत नाही. नाल्याचीच बारीक रेती मच्छरदाणीच्या कापडातून चाळा, पाणी नितळ येईस्तोवर धुवा, ५ सेंटिमीटर थर द्या. त्याहून जाड नको, खालची रेती सडून काळी पडते.

पण लगेच मरण्याचं कारण बहुधा नळाच्या पाण्यातली ब्लीचिंग पावडर. नळाचं पाणी उघड्या बादलीत दिवसभर उन्हात ठेवा, मगच वापरा. नव्या टाकीत विष्ठेतला अमोनिया पचवणारे जिवाणू तयार व्हायला ४ ते ६ आठवडे लागतात, तोवर २-३ मासोळ्याच ठेवा आणि दोन-तीन दिवसांआड चौथाई पाणी बदला. ६० × ३० × ३० सेंटिमीटरची टाकी म्हणजे ५४ लिटर, पुढं जाऊन ६ मासोळ्या पुरे. खाणं संध्याकाळी: डासांच्या अळ्या, रक्तकिडे (चिखलातल्या लाल अळ्या), पाच-दहा मिनिटांत संपेल इतकंच. पिठाच्या गोळ्या टाकाल तर पाणी नासेल. झाकण हवंच, ही उडी मारते.

जाळीनं पकडू नका, डोळ्याखालचा काटा अडकून चामडी फाटते. वाटी बुडवून उचला.

चुलबंदकाठ:
आणि उन्हाळ्यात? वर्गात ४० च्या वर जातं.

धानबांधी:
टाकीचं पाणी ३० च्या आत ठेवा. तेवढ्या गरम पाण्यातही लिटरला जेमतेम साडेसात मिलिग्रॅम प्राणवायू मावतो. हवेचा पंप चालू, बाहेरून ओलं गोणपाट, खिडकीपासून लांब. शाळा बंद होणार असेल तर सुट्टीआधीच जिथून आणल्या त्याच डोहात सोडा, दुसऱ्या नाल्यात नाही.

रेतीतला_काटा:
खोलीकरणाचं: मुरीला खोल पाणी नको, मऊ रेती आणि संथ काठ हवा. यंत्रानं रेती मुरुमापर्यंत खरवडली की लपायला जागा नाही आणि रेतीतल्या अळ्याही गेल्या. पावसाळ्यात ती धानाच्या बांध्यांत चढते, काठ सरळ उभा कापला की ती वाटही बंद. पुढचं काम काढाल तेव्हा जांभूळ-करंजाच्या सावलीतला एखादा डोह तळासकट सोडा आणि एका बाजूचा उतार राखा. फवारणीचे पंप नाल्यात धुणं तर लगेच थांबवा. सायपरमेथ्रीनसारखी औषधं अगदी थोडी मिसळली तरी मासे मरतात, आणि उन्हाळ्यात नाल्याला पाणीच किती असतं.

धानबांधी:
पंप धुतलेलं पाणी शेताच्या धुऱ्यावर, विहिरीपासून लांब ओता.