शब्दचर्चा : 'देलिबेरासिओं' म्हणजे विचारविनिमय की ठराव?

रेघोटी
एका फ्रेंच पत्रातलं वाक्य अडलंय. तिथली कोंसेय देपार्तमांताल एका संस्थेला अनुदान देताना लिहिते की 'कोमिसिओं पेर्मानांतच्या देलिबेरासिओंनुसार' रक्कम मंजूर. मसुद्यात आहे : 'विभागीय परिषदेच्या स्थायी आयोगाच्या विचारविनिमयानुसार'. तपासनीस म्हणतो, विचारविनिमयाने कुणाला पैसे मिळत नाहीत, 'ठराव' लिहा. पण कोशात 'देलिबेरे' म्हणजे खल करणे. कोण बरोबर?

तिरकमान
तपासनीस. फ्रेंच कारभारात देलिबेरासिओं म्हणजे मतदानाने मंजूर झालेला कागद. त्याला क्रमांक असतो, तो प्रेफेकडे (देपार्तमाँवर सरकारने नेमलेला अधिकारी) जातो, प्रसिद्ध होतो आणि मगच लागू होतो. त्याआधी जो खल होतो तो 'देबा'.
'आयोग'ही काढा, तो चौकशीला नेमतात. आणि 'विभागीय' तर सगळ्यात आधी काढा. मराठीत विभागीय म्हटलं की विभागीय आयुक्त, म्हणजे पाच-सहा जिल्ह्यांचा कारभार. देपार्तमाँ आपल्या जिल्ह्याच्या जागी आहे.

कासराभर
मूळ लॅटिन 'लिब्रा', म्हणजे तराजू. तोलूनमापून ठरवणे! मग 'ठराव'पेक्षा 'तोल' काय वाईट?

तिरकमान
'जिल्हा परिषदेच्या तोलानुसार अनुदान मंजूर.' लिहून बघा, राव.

पाटकरी
म्हणजे सरळ 'जिल्हा परिषद' आणि 'स्थायी समिती' लिहायचं. संपला प्रश्न.

तिरकमान
'जिल्हा परिषद' चालेल, पण वाचक सोबत आपलं सगळं सामान घेऊन येईल. आपल्याकडे अंमलबजावणी मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याकडे, तिथे ती अध्यक्षाकडे. 2 मार्च 1982च्या कायद्यापर्यंत परिषदेचे ठराव अमलात आणणारा प्रेफेच होता, ठराव कायदेशीर आहे की नाही हेही तोच आधी बघायचा. आता अर्थसंकल्प मांडणं, खर्चाचे आदेश, कर्मचारी हे सगळं निवडून आलेल्या अध्यक्षाच्या सहीने. हाताखाली जो सेवा महासंचालक असतो, तो अध्यक्षाने दिलेल्या अधिकारापुरती सही करतो. त्याला 'मु.का.अ.' म्हटलंत की चित्र उलटं होतं.
प्रेफेला ठराव बेकायदा वाटला तर तो स्वतः रद्द करू शकत नाही. दोन महिन्यांत प्रशासकीय न्यायालयात जातो.

पाटकरी
कामं तरी तीच ना?

तिरकमान
रस्ते हो, बाकी फार वेगळी. आपली जि.प. प्राथमिक शाळा चालवते. तिथे प्राथमिक शाळेची इमारत गावाच्या कम्यूनकडे, 11 ते 15 वयाच्या मुलांच्या कोलेजची इमारत आणि खानावळ परिषदेकडे, शिक्षक मात्र सरकारचे. सगळ्यात मोठा खर्च समाजकल्याणावर : किमान उत्पन्नाचा भत्ता, परावलंबी वृद्धांचा भत्ता, अपंगांचं साहाय्य, अनाथ आणि धोक्यातली मुलं. चालू खर्चाचा निम्म्याहून जास्त भाग यातच जातो.

वाक्पीठ
मुळात 'जिल्हा' कशाला? अरबी शब्द आहे, अर्थ बरगडी, बाजू. 'मंडल परिषद' म्हणा. 'कोरम'ऐवजी गणपूर्ती, 'प्रेफे'ऐवजी मंडलाधिकारी.

पाटकरी
अहो, मंडल अधिकारी म्हणजे तलाठ्यांवरचा सर्कल. फ्रान्सच्या राजदूताला सातबारा मागायला पाठवाल.

वाक्पीठ
रूढ झालं म्हणून शुद्ध होत नाही.

चांदवड१
'स्थायी समिती'वर माझा आक्षेप. आपल्याकडे ती कायद्याने अधिकार मिळालेली, अनेक समित्यांतली एक. तिथली कोमिसिओं पेर्मानांत म्हणजे परिषदेचीच छोटी आवृत्ती : अध्यक्ष, 4 ते 15 उपाध्यक्ष (पण परिषदेच्या 30 टक्क्यांहून जास्त नाहीत, 34 सदस्य असतील तर 10च) आणि आणखी काही सदस्य. परिषद जेवढे अधिकार सोपवील तेवढेच तिला, आणि अर्थसंकल्प सोपवताच येत नाही. म्हणून पत्रात 'परिषदेने' लिहून चालणार नाही, ठराव नक्की कुणाचा ते यायला हवं.
उपाध्यक्षांचीही गंमत आहे. ते आपल्या विषय समित्यांच्या सभापतींसारखे. कुणाकडे रस्ते, कुणाकडे कोलेज. पण खातं अध्यक्ष आपल्या 'आरेते'ने देतो आणि काढूनही घेतो. काढून घेतलं की तो माणूस उपाध्यक्ष राहणार की नाही यावर परिषदेला मत द्यावं लागतं.

रेघोटी
आरेतेला काय म्हणायचं? 'अध्यादेश'?

चांदवड१
छे! अध्यादेश राज्यपाल काढतात. साधं 'आदेश'. ठराव सभेचा, आदेश अध्यक्षाचा, एवढा फरक टिकला तरी पुरे. उदाहरण रस्त्यावरचंच घ्या. 1 जुलै 2018पासून दुभाजक नसलेल्या दुपदरी रस्त्यांवर वेगमर्यादा 90वरून 80 झाली. 2019च्या डिसेंबरातल्या कायद्याने परिषदेच्या अध्यक्षाला आपल्या रस्त्यांवर परत 90 करायची मुभा दिली, तीही कारणं लिहून आणि रस्तासुरक्षा समितीचं मत घेऊन. सभेत हात वर करून ती मर्यादा बदलत नाही. त्या रस्त्यांचे मैलाचे दगड ओळखू येतात : डोकं पिवळं, राष्ट्रीय रस्त्यांचं लाल.

कासराभर
'मैलाचा दगड' किलोमीटरचा! याच्यावर वेगळा धागा काढा.

पाटकरी
ते नंतर. 'बिनोम'ला काय म्हणायचं? 2015पासून प्रत्येक कांतोंमधून, म्हणजे मतदारसंघातून, एक बाई आणि एक पुरुष मिळून उभे राहतात. तेव्हाच 'कोंसेय जेनेराल' हे जुनं नाव गेलं आणि कांतों जवळजवळ निम्म्यावर आणले. बीजगणितात बिनोम म्हणजे द्विपदी. 'द्विपदी उमेदवारी'?

तिरकमान
द्विपाद वाटतं. 'जोडउमेदवारी' म्हणा. पण ही जोडी मतपत्रिकेपुरतीच. निवडून आले की दोघं स्वतंत्र, सभेत एकमेकांविरुद्ध मत देऊ शकतात, एकाने राजीनामा दिला तर दुसऱ्याची जागा शाबूत. मतदाराने मात्र दोघांतलं एक नाव खोडलं तर मत बाद.
प्रत्येक कांतोंचे दोन, म्हणून सदस्यसंख्या नेहमी सम आणि बरोबरीचा धोका कायम. अध्यक्षाच्या निवडीत तिसऱ्या फेरीतही बरोबरी झाली तर वयाने मोठा जिंकतो. 2015मध्ये वोक्ल्यूझ या देपार्तमाँचा अध्यक्ष असाच ठरला.

चांदवड१
चिठ्ठी टाकत नाहीत, हे आपल्या लोकांना पटणार नाही. त्या सभेला दोन तृतीयांश सदस्य हवेत. नसले तर तीन दिवसांनी आपोआप सभा, मग कोरम लागत नाही.

वाक्पीठ
गणपूर्ती.

रेघोटी
त्याच पत्रात खाली 'स्युप्लेआं' पण आहे. 'पर्यायी उमेदवार' लिहिलंय.

पाटकरी
पर्यायी म्हणजे आपल्याकडे डमी. मुख्य अर्ज बाद होईल म्हणून भरलेला, छाननीनंतर माघार घेणारा. तिथे स्युप्लेआंचं नाव मतपत्रिकेवर छापलेलं असतं आणि सदस्य वारला तर तो त्या जागी बसतो. बाईच्या जागी बाईच, पुरुषाच्या जागी पुरुष.

कासराभर
मग 'राखीव सदस्य'.

चांदवड१
राखीव म्हटलं की लोक आरक्षणाची सोडत शोधतील. त्यात बाईच्या जागी बाई, म्हणजे खात्रीच पटेल. 'बदली सदस्य' करा, गिरणीत बदली कामगार असायचा तसा.

पाटकरी
आणि जि.प.तला शिक्षक ते वाचून विचारेल, बदली कुठे झाली?