तारामतीला ‘पहिली नायिका’ म्हणावे का?

धागाकर्ता (पंचवटीकर) :

आमच्या वाचनालयात दर वर्षी 3 मेच्या आसपास जुन्या चित्रपटांवर एक छोटे व्याख्यान होते. यंदाचा विषय अण्णा साळुंके. फळ्यावर मी लिहिले, ‘भारतीय चित्रपटाची पहिली नायिका : अण्णा साळुंके’. त्यावरून कार्यकारिणीतच वाद झाला, म्हणून तो येथे मांडतो.

‘राजा हरिश्चंद्र’ 1913 मध्ये मुंबईत पडद्यावर आला. त्यातील तारामतीच्या भूमिकेसाठी दादासाहेब फाळक्यांना एकही बाई मिळाली नाही. शेवटी ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात काम करणारा सडपातळ, नाजूक हातांचा तरुण त्यांच्या नजरेत भरला. तेथे त्याला महिना दहा रुपये मिळत, दादासाहेबांनी पंधरा देऊ केले, असे सांगतात. पाच रुपयांच्या वाढीवर चूल सोडून आलेला हा माणूस पुढे 1917 च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका करतो. त्याला ‘नायिका’ म्हणायला आपण का कचरतो, हे मला कळत नाही.

गोदाकाठचा वाचक :

कचरण्याचा प्रश्नच नाही. जी भूमिका बाईने करायला हवी होती, ती बाई न मिळाल्यामुळे पुरुषाने केली. ही अडचणीतून काढलेली वाट होती, तिला कलेचा शोध म्हणून मिरवणे मला पटत नाही. मराठी रंगभूमीवर त्या काळी बालगंधर्व स्त्रीभूमिका करीत होते, पण त्यामागे वर्षानुवर्षांची तालीम होती आणि गळा होता. मूकपटात गळ्याचा उपयोग नाही. राहिला तो चेहरा, आणि तोही आपल्याला कितीसा दिसतो? ‘हरिश्चंद्र’चे काहीच भाग शिल्लक आहेत आणि तेही 1913 चे की नंतर पुन्हा चित्रित केलेले, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. एवढ्या तुटपुंज्या आधारावर अभिनयाची थोरवी कशी ठरवणार?

पंचवटीकर :

आधार तुटपुंजा आहे, हे मान्य. तरीही जे उरले आहे त्यात हौदातला प्रसंग आहे. राणीवशातल्या बायका पाण्यात खेळत आहेत आणि हरिश्चंद्र तारामतीला बोलावायला येतो. साऱ्या ‘बायका’ पुरुषच असल्याने ओल्या लुगड्यांखालची रुंद पाठ लपत नाही. माझ्या शेजारी बसलेली भाची त्यावर खुदकन हसली, हेही खरे. पण प्रसंग पुढे सरकला तसे तिचे हसणे थांबले. ते कशामुळे थांबले, याचे उत्तर मला ‘अडचण’ या एका शब्दात सापडत नाही.

शिवाय ‘लंकादहन’चे काय? सीतेसाठी बाई मिळाली नाही असे घटकाभर धरू, पण राम करायला पुरुषांचा दुष्काळ नव्हता! दादासाहेबांनी दोन्ही भूमिका मुद्दाम एकाच माणसाला दिल्या. आणि 1919 च्या ‘कालिया मर्दन’मध्ये त्यांनी आपल्या मुलीला, मंदाकिनीला, बाळकृष्ण केले. तिथे कोणती अडचण होती?

गोदाकाठचा वाचक :

मंदाकिनीचा मुद्दा बिनतोड आहे, त्यावर माझ्याकडे उत्तर नाही. रामाचे मात्र आहे. सीता अशोकवनात आणि राम समुद्राच्या अलीकडे, असेच बहुतेक कथानक असताना दोघांना एका चौकटीत आणण्याची वेळ फारशी येत नाही. एकाच नटाकडून दोन कामे करून घेण्याची सोय कथेनेच करून दिली होती, आणि दादासाहेबांसारखा हिशेबी निर्माता ती का सोडेल?

नाट्यप्रेमी (गंगापूर रोड) :

दोघांचा वाद वाचला. माझी हरकत वेगळीच आहे. ‘पहिली नायिका’ हे शब्द तुम्ही एका पुरुषाला देता, तेव्हा दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई यांचे काय करता? ‘हरिश्चंद्र’नंतर दादासाहेबांनी बिऱ्हाड नाशिकला हलवले आणि ‘मोहिनी भस्मासुर’ काढला. त्यात दुर्गाबाई पार्वती होत्या आणि कमलाबाई, म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, मोहिनी. कुलीन घरची बाई नाटकात उतरली तरी लोक नावे ठेवत, त्या दिवसांत या मायलेकी कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या. साळुंक्यांना समाजाने वाळीत टाकण्याची धास्ती नव्हती, या दोघींना होती. म्हणून पहिली नायिका हा मान त्यांचा, आणि नाशिककरांनी तो निदान नाशिकात तरी दुसऱ्याला देऊ नये.

पंचवटीकर :

हे मला सुचायला हवे होते. माझ्या डोक्यात साळुंक्यांना न्याय देण्याचे इतके भरले होते, की तो कोणाच्या पदरचा जातो याकडे लक्षच गेले नाही. ‘नायिका’ पुसून टाकतो. मात्र एक सांगतो, ‘बाई मिळाली नाही म्हणून’ एवढ्यावर साळुंक्यांची बोळवण करणे मला अजूनही मान्य नाही. बायका पडद्यावर येऊन गेल्यानंतर चार वर्षांनीही सीता त्यांच्याकडेच आली.

गोदाकाठचा वाचक :

मग ‘नट अण्णा साळुंके’ लिहा. वाद मिटला.

नाट्यप्रेमी (गंगापूर रोड) :

तेही अपुरे होईल. विसाच्या दशकात साळुंके कॅमेऱ्याच्या मागे गेले आणि छायाचित्रण करू लागले. हौदात उभा राहून जो कॅमेऱ्याकडे पाहत होता, तोच पुढे त्यातून पाहू लागला. व्याख्यानात एवढे एकच सांगितले तरी मी यायला तयार आहे.

पंचवटीकर :

फळा लहान आहे. तूर्त ‘अण्णा साळुंके : तारामती, राम, सीता, कॅमेरामन’ असे लिहिले आहे. ‘कॅमेरामन’ शब्द कडेला थोडा चेपला गेला आहे, तो उद्या पुन्हा नीट काढतो.