वाटेचं भांडण आधी, गट नंतर

गावातली धुसफूस निवडणुकीतल्या गटातटामुळे होते, असं नेहमी म्हटलं जातं. ते अर्धंच खरं आहे. कोल्हापुरातल्या करवीर, शिरोळ तालुक्यांकडं पाहा, शेजारी लग्नात एका पंगतीला बसतात आणि सरबांधावरून, म्हणजे दोन शेतांमधल्या सामाईक बांधावरून, वर्षानुवर्षं आतून धुमसत राहतात. गट नंतर निवडला जातो, बहुतेकदा समोरचा ज्याच्यात नाही तो. हे वर येतं ऊसतोडीला. पुढच्याचा ऊस उभा, मागच्याच्या फडात तोडणी मजुरांची टोळी आलेली आणि ट्रॉलीला वाट नाही. तोडलेला ऊस पडून राहिला की वजन घटतं, टोळी काही थांबत नाही. अशा वेळी नाइलाजानं वाट मागावी लागते आणि तो अपमान माणूस विसरत नाही.

इथं बरेच जण चुकीचा अर्ज करतात. वहिवाटीची वाट अडवली असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम 1906, कलम 5. तोही अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत. वाट मुळातच नसेल तर जमीन महसूल अधिनियम 1966, कलम 143, म्हणजे बांधावरून नवी वाट. दोन्ही अर्ज तहसीलदाराकडंच जात असल्यानं घोळ होतो. सोबत चालू सातबारा आणि जमिनीच्या गटाचा (गट नंबरचा) नकाशा लावा. लगतच्या गट नंबरातल्या सगळ्या सहहिस्सेदारांना, लग्न होऊन गेलेल्या बहिणींनाही, सामनेवाले, म्हणजे अर्जातले विरुद्ध पक्षकार, करा. एक नाव राहिलं तरी हरकत निघते आणि तोवर गाळप हंगाम संपतो. अर्ज पावसाळ्याआधीच द्या, बांध उघडा दिसतो आणि पंचनामा नीट होतो.