जापचे (भाज्या घातलेल्या कोरियन नूडल्स) करायचंय १२ माणसांना, त्यातली निम्मी शिवराक (शाकाहारी), कसं जमवू?

म्हापशाची_माय:
नमस्कार मंडळी, येत्या सोमवारी लेकीचा वाढदिवस आहे आणि तिला जापचेच हवंय, मैत्रिणी येणार, सगळ्या कोरियन मालिका बघणाऱ्या, त्यामुळे हक्का नूडल्स करून भागणार नाही. रताळ्याच्या स्टार्चच्या नूडल्सचं अर्ध्या किलोचं पाकीट मिळालंय, करड्या रंगाच्या कडक लांब काड्या आहेत. पण सोमवार असल्यामुळे सासूबाई, नणंद आणि तिची मुलं शिवराक जेवणार आणि मुलींना चिकन हवंय, तर दोन वेगवेगळ्या कढया चढवायच्या का? शुक्रवारच्या बाजारात जाणारच आहे, काय काय घेऊ? पालकाऐवजी तांबडी भाजी चालेल का, ती आमच्याकडे छान ताजी मिळते. तिळाचं तेल घरात आहे, पिवळं, घाण्याचं, तेच घालू ना? आणि सकाळी करून ठेवलं तर संध्याकाळी ७ वाजता खाण्यासारखं राहील का, नीट सांगा प्लीज.

दर्यावर्दी_कुंकळ्ळी:
ताई, मी जहाजावर असताना कोरियातल्या उल्सानच्या शिपयार्डात बराच मुक्काम असायचा, तिथे कँटीनमध्ये हे भरपूर खाल्लंय आणि तिथल्या आचाऱ्यांना करतानाही बघितलंय. दोन कढया अजिबात नकोत. जापचेची रीतच अशी आहे की प्रत्येक जिन्नस वेगळा परतायचा आणि शेवटी एकत्र कालवायचा, आणि परतायचा क्रम फिक्याकडून गडदाकडे, म्हणजे आधी अंड्याची पातळ पोळी, मग कांदा, मग गाजर, मग मशरूम आणि मांस सगळ्यात शेवटी, म्हणजे कढई मध्ये मध्ये घासावी लागत नाही आणि गाजराचा रंग गाजराचाच राहतो. तुमच्या घरी अंडंही शिवराकात बसत नसेल तर ते चिकनच्या आधी, शेवटून दुसरं करा. नूडल्स आणि भाज्या कालवून झाल्या की शिवराक माणसांचं आधी मोठ्या ताटात काढून घ्या, उरलेल्यात चिकन मिसळा. फक्त एक बघा, नेटवरच्या काही रेसिप्यांमध्ये ऑयस्टर सॉस घालतात, तो कालवांचा, सासूबाईंना चालणार नाही. नुसता सोया पुरतो.

तिथे मांस बहुतेक बीफ असतं, लांब पातळ पट्ट्या, पोर्कही घालतात. चिकन घेणार असाल तर मांडीचं घ्या, छातीचं कोरडं पडतं. तास-दीड तास फ्रीझरमध्ये ठेवून थोडं कडक झालं की सुरीने पातळ कापता येतं, मग सोया, साखर, ठेचलेला लसूण, मिरपूड आणि दोन थेंब तिळाचं तेल लावून अर्धा तास ठेवा.

अंत्रुज_काकी:
बाय, आता नूडल्सचं ऐक, कारण सगळं त्यांच्यावर आहे. मोठ्या पातेल्यात भरपूर पाणी खळखळ उकळू दे, त्यात ६-७ मिनिटं, मग एक काडी दातात धरून बघायची, आत कडक लागता कामा नये पण रबरासारखी ताणली पाहिजे. काचेसारखी पारदर्शक झाली की चाळणीत ओतून लगेच गार पाण्याखाली धर, वरचा चिकट स्टार्च धुऊन गेला पाहिजे, आणि कात्रीने दोन-तीनदा काप, नाहीतर वाढताना सगळा गठ्ठाच वर येतो. त्यानंतरची पायरी बरेच जण गाळतात: पाणी निथळल्यावर नूडल्स परत कढईत घालून सोया, साखर आणि थोडं तेल टाकून मध्यम आचेवर तोपर्यंत परतायच्या जोपर्यंत त्या रस पिऊन तपकिरी चकचकीत होत नाहीत. सोया वरून ओतला तर तळाशी साचतो आणि नूडल्स फिक्याच राहतात. २५० ग्रॅमला साधारण ४ मोठे चमचे सोया आणि २ चमचे साखर, पण आपल्याकडचा काळा दाट सोया असेल तर त्याने रंग फार चढतो, साधा पातळ घे आणि चाखत चाखत घाल. १२ माणसांना बाकी जेवण असेल तर ४०० ग्रॅम भरपूर झाल्या.

तेल तुझ्याकडचं चालणार नाही. कोरियन तेल भाजलेल्या तिळाचं असतं, गडद, नाकाला लगेच कळतं, घाण्याच्या तेलाला तो वास नाही. नाहीच मिळालं तर पांढरे तीळ खमंग भाजून अर्धे भरड कुटून घाल, त्याने बराच फरक पडतो. आणि तेल शेवटी आच बंद केल्यावर, उष्णतेने वास उडतो.

तांबडी भाजी मात्र नको गो, तिचा रंग सुटतो आणि पाच मिनिटांत नूडल्स गुलाबी होतील. पालक कसाही मिळाला तरी घे, उकळत्या पाण्यात अर्धा मिनिट, मग गार पाण्यात, मग मुठीत घट्ट पिळून काढ, पाणी राहिलं तर सगळा जापचे पचपचीत होतो. अगदीच नाही मिळाला तर हिरवी ढब्बू मिरची उभी चिरून घाल.

ताळगावकर:
मशरूमबद्दल एक. कुणीतरी अळमी घालायला सांगेलच, पण कृपया नको, ती वारुळावरून काढलेली, इतकी महाग आणि इतक्या थोड्या दिवसांची, तिचं तोणाकच (आपलं नारळाच्या वाटपाचं कालवण) व्हावं, सोयात तिची चव मरते. सुकी शिताके मिळाली तर उत्तम, कोमट पाण्यात अर्धा तास भिजवून देठ काढून पट्ट्या करा. बटण मशरूम घेतलीत तर मोठ्या आचेवर पाणी पूर्ण आटवा आणि मीठ शेवटी. आणि भाज्या हात राखून घालू नका. सतराव्या शतकात कोरियाच्या ग्वांगहे राजाच्या दरबारात हा पदार्थ होता तेव्हा त्यात नूडल्स नव्हत्याच, नुसत्या भाज्या आणि मशरूम, नूडल्स विसाव्या शतकात आल्या. म्हणून सासूबाईंच्या ताटात काही कमी पडतंय असं समजू नका, मुळातला जापचे त्यांच्याच बाजूचा.

म्हापशाची_माय:
केवढं मोठं काम झालं, सगळ्यांचे आभार! क्रमाचं वाचून तर डोक्यावरचं ओझंच उतरलं. मग सकाळी भाज्या आणि चिकन, आणि नूडल्स संध्याकाळीच असं करू का?

अंत्रुज_काकी:
हो, तसंच. भाज्या परतून पूर्ण गार करून वेगवेगळ्या डब्यात फ्रिजमध्ये, चिकन सकाळी नुसतं मसाला लावून फ्रिजमध्येच ठेव, परतायचं संध्याकाळी. नूडल्स साडेसहाला. फ्रिजमध्ये ठेवल्या की त्या पांढरट आणि ताठ होतात, स्टार्चचा तो गुण आहे, कढईत दोन चमचे पाणी घालून झाकण ठेवून गरम केल्या की परत पारदर्शक होतात, म्हणून उरलं तर टाकू नको, दुसऱ्या दिवशी गरम भातावर घालून डब्यात दे. आणि आपल्याकडच्या या दमट हवेत चिकनवालं ताट रात्रभर टेबलावर ठेवू नकोस हां. भाज्या सगळ्या एकाच जाडीच्या चिर, नूडल्सइतक्याच लांब, म्हणजे काट्यावर सगळं एकदम येतं.

दर्यावर्दी_कुंकळ्ळी:
आणि ताई, हे कढत कढत वाढायची घाई नको, तिथे वाढदिवसाला, लग्नाला, चुसोकच्या (सुगीच्या) सणाला ते कोमटच वाढतात. कालवताना चमचा नको, हात स्वच्छ धुऊन हातानेच, खालून वर उचलत. लेकीला वाढदिवसाच्या शुभेच्छा सांगा.