ग्रीक पुराणकथा पाचवी ते आठवीच्या मुलांना सांगताना काय ठेवावे आणि काय गाळावे?

खाडीकाठ (प्रश्न)

सप्रेम नमस्कार.

रत्नागिरी जिल्ह्यातील खाडीलगतच्या एका गावात आमच्या वाचनालयाच्या बालविभागात शनिवारी दुपारी कथावाचन चालते. पाचवी ते आठवीची मुले येतात आणि त्यांतील बरीचशी मच्छीमारांच्या घरांतील आहेत. पावसाळ्यात होड्या किनाऱ्यावर ओढून झापांखाली ठेवलेल्या असतात, घरोघरी जाळ्यांची डागडुजी चाललेली असते आणि मुलांना बाहेर फारसे खेळता येत नाही. त्यामुळे या दिवसांत आमच्याकडे चांगली गर्दी होते. यंदा प्राचीन ग्रीक कवी होमरचे ‘ओडिसी’ (ट्रॉयच्या युद्धानंतर इथाका बेटाचा राजा ओडिसियस घरी परततो, त्या प्रवासाचे काव्य) आणि त्याच्या जोडीला पर्सियस, थिसियस व पर्सेफनी यांच्या कथा स्वतः मराठीत लिहून काढून वाचून दाखवाव्यात, असा विचार आहे.

अडचण अशी की, मुलांसाठी म्हणून जी संक्षिप्त रूपे माझ्या हाती आली, त्यांत नायक निव्वळ शूर आणि राक्षस निव्वळ दुष्ट होऊन बसला आहे. उलट, मूळ काव्यांची संपूर्ण भाषांतरे उघडली, तर नरभक्षण, अपहरण आणि देवांचे सूडबुद्धीचे वागणे पानोपानी भेटते, आणि ते सगळे दहा वर्षांच्या मुलीसमोर मोठ्याने वाचताना माझी जीभ अडखळेल. शिवाय काही हितचिंतकांचे म्हणणे असे आहे की, ओडिसियसला सरळ आपल्या किनाऱ्यावरचा तांडेल करावा आणि ग्रीकांचा देवराज झ्यूस याला इंद्र म्हणावे, म्हणजे मुलांना परके वाटणार नाही. ज्यांनी असे लेखन किंवा कथाकथन केले आहे, त्यांनी कृपया मार्गदर्शन करावे.

निवृत्त_मास्तर

आपला उपक्रम स्तुत्य आहे. माझे मत आधीच सांगून टाकतो: रक्त कमी केले तरी चालेल, परंतु नायकाची चूक गाळू नये. या कथांचा सांधा तिथेच असतो आणि तो निखळला की हाती केवळ साहसांची यादी उरते.

एकडोळ्या पॉलिफीमसचेच उदाहरण घ्या. तो गुहेत अडकलेल्या खलाशांपैकी पहिल्या संध्याकाळी दोघांना, सकाळी दोघांना आणि पुन्हा संध्याकाळी दोघांना खातो. ही संख्या मुलांना जरूर सांगावी, कारण तिच्यामुळेच सुटकेची घाई जाणवते. मात्र तो त्यांना कसा मारतो याचे होमरने केलेले वर्णन एका वाक्यात आटोपता येईल. पुढे ओडिसियस आपले नाव ‘कोणी नाही’ असे सांगतो, राक्षसाला मद्य पाजतो, ऑलिव्हच्या लाकडाचा सोटा विस्तवात तापवून त्याचा डोळा फोडतो आणि मेंढ्यांच्या पोटाखाली माणसे बांधून गुहेबाहेर काढतो. बहुतेक बालपुस्तकांत गोष्ट इथे टाळ्या घेऊन संपते. होमर मात्र थांबत नाही. गलबत किनाऱ्यापासून सुटल्यावर ओडिसियस राक्षसाला डिवचतो, त्याने फेकलेल्या प्रचंड खडकाने उसळलेल्या लाटेबरोबर गलबत पुन्हा किनाऱ्याकडे ढकलले जाते, सोबती गप्प बसण्याची विनवणी करतात, तरीही हा गृहस्थ आपले खरे नाव, बापाचे नाव आणि गाव ओरडून सांगतो. ते नाव ठाऊक झाल्यामुळेच पॉलिफीमसला आपल्या पित्याकडे, म्हणजे समुद्रदेव पोसायडनकडे, नेमका शाप मागता येतो. हा प्रसंग गाळला, तर पुढची सारी वणवण निव्वळ नशिबाच्या माथी मारावी लागते.

याच प्रसंगात एक लहानशी जागा आहे, ती कृपया सोडू नये. आंधळा झालेला पॉलिफीमस बाहेर पडणाऱ्या मेंढ्यांच्या पाठी चाचपत असतो. कळपातला सर्वांत मोठा एडका, ज्याच्या पोटाला ओडिसियस स्वतः लोंबकळत असतो, सर्वांच्या शेवटी येतो. तेव्हा राक्षस त्याला मायेने विचारतो की, एरवी तू कुरणाकडे सर्वांत पुढे धावतोस, मग आज मागे का राहिलास, धन्याच्या डोळ्याचे तुला दुःख होते आहे का? सहावीतल्या मुलालाही इथे राक्षसाची कीव येते आणि त्याच वेळी ओडिसियस पकडला जाऊ नये असेही वाटते. ही ओढाताण मुलांना पेलत नाही, असा समज मोठ्यांनीच करून घेतलेला आहे.

वाऱ्यांच्या पिशवीची गोष्ट तर तुमच्या श्रोत्यांसाठीच रचली असावी, असे वाटते. वाऱ्यांचा रखवालदार इओलस सगळे प्रतिकूल वारे बैलाच्या कातड्याच्या पिशवीत कोंडून तिचे तोंड चांदीच्या दोरीने आवळतो आणि गलबत घरी नेणारा पश्चिमवारा तेवढा मोकळा ठेवतो. नऊ दिवस आणि नऊ रात्री ओडिसियस शिडाची दोरी कोणाच्याही हाती देत नाही; दहाव्या दिवशी इथाका दिसू लागते, किनाऱ्यावरच्या शेकोट्या ओळखता येतात आणि त्याच वेळी त्याला झोप लागते. खलाशी आपसांत म्हणतात की, हा लूट घेऊन घरी चालला आहे आणि आपण मात्र रिकाम्या हाताने. पिशवी उघडली जाते. ज्यांच्या घरी मासळीच्या वाट्यावरून होणारी बोलणी रोज कानी पडतात, त्या मुलांना हे खलाशी केवळ मूर्ख वाटणार नाहीत. पिशवीत काय आहे हे तांडेलाने आधी का सांगितले नाही, असे ती विचारतील. आणि तो प्रश्न अगदी रास्त आहे.

सौम्य करण्याचा वाद जुना आहे. चार्ल्स लँबने १८०८ साली मुलांसाठी ओडिसियसची कथा लिहिली, तेव्हा प्रकाशक विल्यम गॉडविनने काही भयानक तपशील काढण्याची सूचना केली होती. त्यावर लँबच्या उत्तराचा रोख असा होता की, मधूनमधून धक्का देणारे पुस्तक नको असेल, तर नरभक्षकांनी भरलेली गोष्ट मुळात निवडायलाच नको होती.

सुरंगी

मास्तरांचे ओडिसियसविषयीचे म्हणणे मला पटते; तथापि स्त्रियांच्या कथांना तोच नियम जसाच्या तसा लावता येईल, असे वाटत नाही. मी स्वतः शाळकरी मुलींच्या गटासाठी या कथा लिहिल्या आहेत, म्हणून थोडे विस्ताराने लिहिते.

पहिली गोष्ट म्हणजे, ‘मूळ कथा’ अशी एकच नसते. पर्सियस जिचे डोके कापतो ती मेडूसा प्राचीन ग्रीक कवी हेसिअडच्या काव्यात गॉर्गन नावाच्या तीन राक्षसी बहिणींपैकी एक आहे, तिघींत मर्त्य अशी ती एकटीच, आणि तिला शिक्षा म्हणून कुरूप केल्याचा तिथे उल्लेखही नाही. मंदिरात तिच्यावर अत्याचार होतो आणि देवी अपराध्याला सोडून तिच्याच केसांचे साप करते, ही कथा आपल्याला ओव्हिड या रोमन कवीकडून मिळते, आणि हेसिअड व ओव्हिड यांच्यात शतकानुशतकांचे अंतर आहे. पाचवीच्या मुलांसमोर हेसिअडची मेडूसा उभी केली, तर त्यात कोणतीही लबाडी होत नाही. आठवीच्या मुलींना मात्र ओव्हिडची कथा सांगावी आणि देवीचा न्याय त्यांना कसा वाटला ते विचारावे. माझ्या गटात त्यावर झालेली चर्चा कोणत्याही मूल्यशिक्षणाच्या तासापेक्षा सरस होती.

थिसियसच्या कथेतील क्रीटची राजकन्या अॅरिअॅड्नी हिच्या बाबतीत मात्र मी काहीही लपवणार नाही. अथेन्सहून सात मुलगे आणि सात मुली क्रीटला चक्रव्यूहातल्या मिनोटॉर या बैलाच्या डोक्याच्या राक्षसाला बळी म्हणून पाठवल्या जातात, चक्रव्यूहातून परतण्यासाठी अॅरिअॅड्नी सुताचा गुंडा देते, आणि थिसियस तिला नॅक्सॉस बेटावर झोपेत सोडून निघून जातो. नॅथॅनियल हॉथॉर्नने १८५३ साली मुलांसाठी ही कथा लिहिताना तो प्रसंगच नाकारला; त्याच्या कथेत ती म्हाताऱ्या वडिलांसाठी आपणहून क्रीटमध्येच राहते. सभ्यपणा राखला गेला खरा, पण कथेचा कणा मोडला. कॅटलस या रोमन कवीने दाखवले आहे की, टाकून दिलेल्या अॅरिअॅड्नीच्या शापामुळेच थिसियसला विस्मरण होते, जिवंत परतल्याची खूण म्हणून काळे शीड उतरवून पांढरे चढवायचे राहून जाते आणि मुलगा मेला असे समजून राजा ईजियस प्राण देतो. तिला गाळले, तर शिडाची गोष्ट केवळ विसरभोळेपणाची होते.

पर्सेफनीविषयी एक व्यावहारिक सूचना आहे. धान्यदेवता डिमिटरच्या प्राचीन स्तोत्रात तिची ही मुलगी पाताळाच्या राजाने पळवून नेल्यावर वर्षाचा एक तृतीयांश काळ पाताळात घालवते आणि वसंतात फुलांबरोबर परत येते. आपली मुले मृगाच्या पावसावर भाताची पेरणी पाहत वाढली आहेत. त्यांच्या लेखी वैशाखात जमीन भाजलेली असते आणि हिरवे काय ते पावसाने येते. ग्रीसमध्ये पाऊस मुख्यतः हिवाळ्यात पडतो, तेथील गहू व जव शरदात पेरले जातात आणि उन्हाळ्याच्या तोंडावर कापले जातात, एवढे आधी सांगून ठेवा. नाहीतर डिमिटर रुसली तेव्हा आपल्याकडे नेमका कोणता महिना असेल, यावरच शनिवार संपेल. अपहरणाबद्दल म्हणाल, तर आईच्या बाजूने गोष्ट सांगावी. स्तोत्रातही हंबरडा ऐकून हाती मशाली घेऊन नऊ दिवस फिरणारी आईच अधिक ठळक आहे.

दशावतारप्रेमी_मालवण

झ्यूसला इंद्र म्हणू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. दोघांच्याही हाती वज्र असले, तरी इंद्र म्हटल्याबरोबर मुलांच्या मनात त्याचा दरबार, ऐरावत आणि आसन डळमळण्याच्या सगळ्या गोष्टी उभ्या राहतात आणि झ्यूसला स्वतःचे असे काहीच उरत नाही. साम्य मुलांनाच शोधू द्यावे. डॅनाई आणि तान्हा पर्सियस यांना पेटीत घालून समुद्रात सोडतात, हे ऐकताच कोणीतरी कर्णाचे नाव घेईलच; तेव्हा तुम्ही फक्त एवढेच सांगा की, इथे आई बाळाबरोबर त्याच पेटीत आहे, आणि पुढे चला. ती पेटी सेरिफॉस बेटावर डिक्टिस नावाच्या माणसाच्या हाती लागते आणि काही जुन्या कथनांत तो मासेमारी करणाराच आहे. राजाच्या महालातल्या नायकाला एका मच्छीमाराने वाढवले, ही गोष्ट तुमच्या मंडळींना विशेष रुचेल.

ओडिसियसला इथला तांडेल करण्याचीही गरज नाही. इथाका इथाकाच राहू द्यावी. मात्र गलबतावरील वस्तूंना आपले नेहमीचे शब्द वापरावेत. शीड, डोलकाठी, वल्ही, सुकाणू, नांगर हे शब्द तुमच्या श्रोत्यांच्या हाताखालचे आहेत. गाण्याने खलाशांना भुलवणाऱ्या सायरन्सच्या प्रसंगात ओडिसियसला डोलकाठीला बांधतात म्हटल्यावर दोरी कुठे आणि कशी आवळली असेल, हे तुम्हाला वर्णन करून सांगावे लागणार नाही.

आणखी एक. ज्या मुलांनी जत्रेत रात्रभर जागून दशावतारी नाटके पाहिली आहेत, त्यांना देव रागावतात, कपट करतात आणि राक्षसही मोठ्या रुबाबात बोलतो, हे नवीन नाही. दशावतारात आख्यान ठरलेले असते आणि बोलणे पुष्कळसे रंगभूमीवरच सुचते. तीच रीत वापरून पॉलिफीमसचा प्रसंग मुलांकडून करवून घ्यावा: आतून राक्षस ओरडतो की ‘कोणी नाही’ मला मारतो आहे, आणि बाहेरचे शेजारी राक्षस म्हणतात, कोणी मारत नसेल तर मग झोप की मुकाट्याने. लेखी संवाद देऊ नयेत. मालवणीत बोलली तर आणखी बहार येईल.

खाडीकाठ

सर्वांचे मनापासून आभार. अॅरिअॅड्नी आणि एडका हे दोन्ही ठेवणार हे नक्की. तीन शंका उरतात. एक म्हणजे, नकाशा लावावा का? दुसरे, कॅरिब्डिसचा भोवरा दिवसातून तीनदा पाणी गिळतो असे होमर म्हणतो. आमची मुले भरती दोनदाच येते म्हणून हटकून वाद घालतील. आणि तिसरे, शेवटी ओडिसियसची बायको पेनेलोपी हिच्याशी लग्न करू पाहणाऱ्यांची जी कत्तल होते, तिचे काय करावे?

निवृत्त_मास्तर

नकाशा अवश्य लावा, पण त्यावर ट्रॉय, इथाका, क्रीट, नॅक्सॉस एवढीच ठिकाणे दाखवा. एकडोळ्यांचा प्रदेश किंवा इओलसचे बेट दाखवायला कोणी सांगितलेच, तर प्राचीन ग्रीक भूगोलज्ञ एराटोस्थेनिसचे म्हणणे ऐकवा: वाऱ्यांची पिशवी ज्याने शिवली तो चांभार सापडेल, तेव्हा ओडिसियस कुठे कुठे भटकला तेही सापडेल.

भरतीच्या वादात तुमच्या मुलांना भक्कम साथीदार आहे. प्राचीन काळीच कॅरिब्डिसची जागा इटली आणि सिसिली यांच्यामधल्या मेसिनाच्या सामुद्रधुनीत मानली गेली होती, आणि तिथले प्रवाह भरती-ओहोटीनुसार खरोखरच दिशा बदलतात. पॉलिबियस या इतिहासकारानेही ‘तीनदा’ ही एकतर नकलकाराची चूक असावी किंवा माहितीची, असे मत मांडल्याचे प्राचीन भूगोलकार स्ट्रेबोने नोंदवले आहे. तेव्हा मुलांना वाद घालू द्या.

कत्तलीविषयी: धनुष्य वाकवून बारा कुऱ्हाडींतून बाण पार करण्याचा प्रसंग पूर्ण सांगावा, एकशेआठ जणांचा शेवट दोन-तीन वाक्यांत सांगावा, आणि नंतर बारा दासींना फाशी दिले जाते ते मोठ्या मुलांना कोणतेही समर्थन न जोडता सांगावे. लहान गटात ते वगळले तरी चालेल. मात्र पलंगाची परीक्षा वगळू नका. हा खरोखरच आपला नवरा आहे का, हे पाहण्यासाठी पेनेलोपी दासीला पलंग बाहेर काढायला सांगते आणि ओडिसियस संतापतो, कारण तो पलंग त्याने स्वतः जमिनीत रुजलेल्या ऑलिव्हच्या झाडाचा बुंधा तासून केलेला असतो. तो हलूच शकत नाही. सबंध काव्यात इतरांना फसवणारा हा माणूस इथे बायकोच्या युक्तीला फसतो. अलेक्झांड्रियाच्या प्राचीन टीकाकारांनीही यानंतरच्या त्या दोघांच्या भेटीपाशीच काव्याचा शेवट मानला होता, त्यामुळे तिथे वाचन थांबवले तर होमरला कात्री लावल्याचा दोष तुमच्याकडे येणार नाही.